वर्मी घावाचा हिशेब

तलवार जनावराच्या डोक्यावर पडते आणि त्या जागेतून एक केशरी आकडा उसळतो. क्षणभर हवेत तरंगतो, विरून जातो. तीच तलवार पायावर पडली की आकडा लहान आणि फिका. 'मॉन्स्टर हंटर: वर्ल्ड' खेळलेल्या कुणालाही हे दृश्य डोळे मिटूनही दिसेल. ओसाकाच्या कॅपकॉम कंपनीची ही मालिका 2004 साली सुरू झाली, पण घावाचा आकडा असा डोळ्यांदेखत उडायला 2018 साल उजाडावं लागलं. तोवर घाव कितपत बसला हे रक्ताच्या चिळकांडीवरून आणि तलवार मांसात अडकल्याच्या झटक्यावरून ओळखायचं.

आकडा दिसला की माणूस बेरीज करतो. बेरीज केली की तुलना करतो. आणि एकदा तुलना सुरू झाली की 'सगळ्यात भारी बिल्ड कोणती?' हा प्रश्न आल्याशिवाय राहत नाही. कोणती तलवार, कोणतं चिलखत, कोणती कौशल्यं एकत्र केली की सर्वांत जास्त डॅमेज निघेल, याची कोष्टकं जगभरचे खेळाडू मांडत बसतात. अशा कोष्टकांमुळे गेमचा जीव जातो, सगळे एकसारखे होतात, मजा संपते, अशी तक्रार तुम्हीही ऐकली असेल. कदाचित केलीही असेल.

मला ती तक्रार अर्धीच पटते. या गेमचा डॅमेजचा हिशेब स्वतः मांडून बघितला तर गेमला नेमकं काय म्हणायचंय ते त्यात स्वच्छ वाचता येतं. बिघडतं ते पुढे, दुसऱ्याच्या हातासाठी केलेला हिशेब आपण आपल्या हातावर चिकटवतो तेव्हा. आणि ऑनलाइन खेळात त्याची किंमत एकटे आपण भरत नाही.

960 आणि 280

ज्यांनी खेळला नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. तुम्ही शिकारी. एक अवाढव्य प्राणी शोधायचा, त्याच्याशी झुंजायचं, मारायचा किंवा जिवंत पकडायचा, मिळालेल्या हाडा-कातड्यांतून नवं शस्त्र घडवायचं आणि आणखी मोठ्या प्राण्यामागे लागायचं. चौदा प्रकारची शस्त्रं. एकट्याने खेळा, नाहीतर ऑनलाइन चौघांपर्यंत टोळी करा.

आता शस्त्राच्या पाटीवरचा आकडा बघा. ग्रेट स्वोर्ड, म्हणजे माणसाएवढी अवजड तलवार, तिच्यावर लिहिलंय 960. ड्युअल ब्लेड्स, म्हणजे दोन हातांत दोन पाती, त्यांच्यावर 280. नवखा म्हणेल, तलवार साडेतीन पट भारी! पण ही दोन्ही शस्त्रं मुळात सारखीच आहेत. 'वर्ल्ड' प्रत्येक शस्त्रप्रकाराचा खरा आकडा एका ठरलेल्या गुणकाने फुगवून दाखवतो. ग्रेट स्वोर्डचा गुणक 4.8, ड्युअल ब्लेड्सचा 1.4. भागून बघा, दोन्हीकडे 200च उरतात. गेम ही गोष्ट कुठेही सांगत नाही. खेळाडूंनी ती खणून काढली.

हे खोटं बोलणं झालं का? झालं, पण बघा, किती खरं बोलतंय. अवजड तलवारीचा एकेक घाव खरोखरच मोठा असतो आणि पात्यांचे घाव लहान पण भराभर बसतात. तो फरक शस्त्राच्या अंगच्या ताकदीत नसून प्रत्येक हालचालीला दिलेल्या वेगळ्या मूल्यात आहे. त्याला खेळाडू मोशन व्हॅल्यू म्हणतात. पाटीवरचा आकडा त्या हालचालीचा अंदाज आधीच देऊन टाकतो. दुकानदार कापड दाखवताना घडी मोडून अंगावर टाकून दाखवतो, तसं. पुढे 2021च्या 'राइज'मध्ये कॅपकॉमने हा फुगवटा काढून खरे आकडे दाखवले. हिशेबाला ते सोयीचं झालं, पण तलवार हातात घेताना वाटणारा 960चा दरारा गेला.

वर्म कुठे आहे?

खरा हिशेब असा चालतो. शस्त्राची खरी ताकद, गुणिले हालचालीचं मूल्य, गुणिले धारेचा गुणक, गुणिले जिथे घाव बसला त्या अवयवाचं मऊपण. सोपं जावं म्हणून हालचालीचं मूल्य पूर्ण शंभर टक्के धरू. धार हिरवी असेल तर 1.05ने गुणायचं, निळी असेल तर 1.2ने, पांढरी असेल तर 1.32ने. अवयवाचं मऊपण टक्क्यांत. समजा डोकं 60 आणि पाय 25. मग 200 ताकदीची, निळ्या धारेची तलवार डोक्यावर पडली तर 200 × 1.2 × 0.60 म्हणजे 144. पायावर पडली तर 60.

शस्त्र तेच, हात तोच, जोर तोच. फक्त जागा बदलली आणि घाव निम्म्याच्याही खाली आला. निळ्याची धार पांढरी करण्यासाठी तुम्ही चार रात्री जागून दुर्मीळ हाडं गोळा कराल, त्याने वाढ होते दहा टक्क्यांची. डोक्याजवळ उभं राहायला शिकलात तर दुपटीहून जास्त.

मराठीत याला फार जुना आणि नेमका शब्द आहे: वर्म. वर्मी घाव बसला असं आपण म्हणतो तेव्हा घावाच्या जोराबद्दल बोलत नसतो, जागेबद्दल बोलत असतो. या गेमच्या गणितात 45 किंवा त्याहून मऊ असलेला अवयव म्हणजे वर्म. केशरी आकडा उडतो तो तिथूनच.

आता या गणितातली माझी सर्वांत आवडती जागा. 'वर्ल्ड'मध्ये अटॅक बूस्ट नावाचं कौशल्य आहे. चिलखतात त्याच्या सात पायऱ्या भरल्या की ताकद 21ने वाढते, शिवाय क्रिटिकल घावाची शक्यता 5 टक्के मिळते. वीकनेस एक्स्प्लॉइट नावाचं दुसरं कौशल्य आहे. त्याच्या तीनच पायऱ्या. त्या भरल्या की वर्मावर बसणारा घाव क्रिटिकल होण्याची शक्यता 50 टक्क्यांनी वाढते. साधा क्रिटिकल घाव सव्वापट असतो.

मांडून बघू. मूळ ताकद 200, मूळ क्रिटिकल शून्य. अटॅक बूस्टवाल्याचे 221, त्यावर 5 टक्के वेळा सव्वापट, म्हणजे सरासरी सुमारे 223.8. वीकनेस एक्स्प्लॉइटवाल्याचे 200, त्यावर निम्म्या वेळा सव्वापट, म्हणजे सरासरी 225. सात पायऱ्यांची नुसती ताकद तीन पायऱ्यांच्या माहितीपुढे किंचित का होईना, कमी पडते. त्यात क्रिटिकल बूस्ट हे तिसरं कौशल्य पूर्ण घातलं की क्रिटिकल घाव सव्वापटीऐवजी 1.4 पट होतो. मग आकडे होतात 225.4 आणि 240. दरी वाढते.

अट एकच. घाव वर्मावर बसला पाहिजे. पायाला, शेपटीच्या टोकाला, पाठीवरच्या खवल्यांना मारत राहिलात तर तीन पायऱ्यांचं मोल शून्य, आणि मुकाट ताकद वाढवलेला तुमच्या पुढे.

गणिताच्या वेषात गेमने केलेलं हे विधान आहे. जनावर ओळखा. ते कधी मान खाली घालतं, कोणत्या झेपेनंतर दमतं, कोणत्या बाजूला वळतं, हे ज्याला ठाऊक आहे त्याला कमी साधनांत जास्त मिळेल. आणि ही माहिती गेम आयती हातात देत नाही. पावलांचे ठसे, ओरखडे गोळा करत गेलात की शिकाऱ्याच्या वहीत एकेका अवयवापुढे तारे उमटतात, हा भाग मऊ, हा कठीण. वही वाचली तरी तिथवर पोचायचं कसं हे पायांनीच शिकायचं. 'भारी बिल्ड'चं कोष्टक मांडणारा माणूस नकळत हेच विधान सिद्ध करत असतो. त्याने सूत्र उलगडलं आणि आत त्याला जनावराचं शरीर सापडलं.

म्हणून हिशेबाने मजा जाते हे मला मान्य नाही. चांगला वाचक कवितेत मात्रा मोजतो तेव्हा कविता मरत नाही.

आइसबोर्नचा नखरा

2019च्या 'आइसबोर्न' या विस्तारात कॅपकॉमने हेच सूत्र हलवलं. वीकनेस एक्स्प्लॉइट साध्या वर्मावर आता 30 टक्केच देऊ लागलं. पूर्वीचे 50 हवे असतील तर आधी आकड्याच्या दोराने जनावराच्या अंगावर लटकायचं, तो अवयव जखमी करायचा, मगच मारायचं. अवजड शस्त्रांना हे एका फटक्यात जमतं, हलक्यांना दोनदा करावं लागतं. जखम काही वेळाने भरून येते आणि पुन्हा पहिल्यापासून.

कल्पना वाईट नव्हती. जनावराच्या अंगावर लटकण्यात थरार आहेच. पण गणिताने काय केलं ते बघा. आधी माहितीचं बक्षीस मिळत होतं, आता एका कामाची मजुरी मिळू लागली. जो अवयव मुळात मऊ नाही तोही जखमी करून मऊ करता येतो, म्हणजे वर्म शोधण्याऐवजी वर्म तयार करा. हिशेब सांगतो की हे केलंच पाहिजे, म्हणून सगळे करतात. दर थोड्या वेळाने लटका, ओरबाडा, उतरा. खेळाडूंनी यावर नाकं मुरडली ती आळसाने नव्हे. सूत्राचा अर्थ बदलला आहे हे त्यांच्या हातांना कळलं होतं.

त्याच विस्तारात कॅपकॉमने कोष्टकवाल्यांना एक चोख उत्तरही दिलं. जुलै 2020मध्ये अ‍ॅलाट्रिऑन नावाचा प्राणी आला. तोवर बहुतेक शस्त्रांच्या बाबतीत शहाणपण ठरून गेलं होतं: आग, बर्फ, वीज असल्या तत्त्वांच्या मागे लागू नका, कच्ची ताकद आणि क्रिटिकल बघा. अ‍ॅलाट्रिऑनला योग्य तत्त्वाचं पुरेसं डॅमेज वेळेत दिलं नाही तर तो असा एक स्फोट करतो की सगळी टोळी एकदम आडवी. त्यावर बराच आरडाओरडा झाला. मला मात्र तो प्राणी म्हणजे गेमने खेळाडूंच्या कोष्टकावर लिहिलेलं समीक्षण वाटतं. 'तुमचं उत्तर बरोबर आहे, पण प्रश्न मी बदलू शकतो.'

कोष्टकातला हात

आता माझ्या फजितीकडे येतो.

नर्गिगांटे नावाचा एक काटेरी प्राणी आहे. अंगावर नवे पांढरे काटे फुटतात, ते वाढत जाऊन काळे आणि टणक होतात, आणि मग तो हवेत उडून सगळं अंग तुमच्यावर झोकून देतो. मी त्याच्यासाठी एक तयार बिल्ड जशीच्या तशी उचलली होती. सगळ्या जागा हल्ल्याला दिलेल्या. त्यात पीक परफॉर्मन्सही होतं. तब्येत पूर्ण भरलेली असताना तीन पायऱ्यांत 20 ताकद देणारं कौशल्य. 200 वर 20, सरळ दहा टक्के. कोष्टकात झळकणारच.

मी कुणीतरी उडवलेला एसओएस फ्लेअर बघून शिकारीत घुसलो. तीन अनोळखी शिकारी आधीच अर्धं काम करून बसले होते. या गेमचा एक नियम इथे सांगायला हवा. साधारणपणे टोळीत मिळून तीन वेळा कुणीही बेशुद्ध पडलं की शिकार फसते. प्रत्येकी तीन नव्हे, सगळ्यांत मिळून तीन. सामाईक गल्ल्यातून खर्च होतो.

ते तिन्ही मीच खर्च केले. पहिल्यांदा झेप चुकवायला उशीर झाला. दुसऱ्यांदा आणखी एक घाव घालायच्या मोहात अडकलो. तिसऱ्यांदा तळावरून धावत आलो आणि जेवणाने वाढलेली तब्येत आता नाही, हेच विसरलो. पडद्यावर शिकार फसल्याची पाटी आली. कुणी काही बोललं नाही. एकेक करून सगळे निघून गेले. तीन माणसांची पंधरा-वीस मिनिटं मी जाळली होती, आणि माझी बिल्ड कोष्टकानुसार सर्वोत्तम होती.

त्या रात्री मी तो हिशेब पुन्हा मांडला, या वेळी सेकंदांत. समजा माझी एक शिकार पंधरा मिनिटं चालते, म्हणजे 900 सेकंद. डॅमेज दहा टक्क्यांनी वाढलं तर ती फार तर 818 सेकंदांत संपेल. वाचले 82. प्रत्यक्षात त्याहून कमीच, कारण जनावर पळून जातं, आपण मागे धावतो, त्या वेळेत तलवारीचा काही संबंध नसतो. आता बेशुद्ध पडल्यावर काय होतं? गाड्यावर घालून तळावर आणून टाकतात. तिथे पुन्हा जेवायचं, वाट काढत परत जायचं. समजा दीड मिनिट, म्हणजे 90 सेकंद. एकदा पडलो की दहा टक्क्यांची सगळी कमाई गेली आणि वर उधारी. शिवाय तब्येतीवर ओरखडा जरी आला तरी पीक परफॉर्मन्सचे 20 बंद. ज्याला सतत मार बसतो त्याच्यासाठी हे कौशल्य म्हणजे लग्नाच्या पत्रिकेवरचं नाव, पंगतीत पान नाही.

आणि हेल्थ बूस्ट? तीन पायऱ्यांत तब्येत 50ने वाढते. जेवून 150 होते ती 200 होते. कोष्टकात याचं डॅमेज शून्य. म्हणून तिथे त्याला जागा नसते, किंवा 'नवशिक्यांसाठी' अशी तळटीप असते. पण जी झेप 160 घेते ती 150वाल्याला तळावर पाठवते आणि 200वाल्याला उभं ठेवते. माझ्या हातांसाठी हेल्थ बूस्ट हे डॅमेजचंच कौशल्य आहे, कारण बेशुद्ध माणसाचं डॅमेज शून्य असतं.

कोष्टक खोटं नव्हतं. त्यात एक हात गृहीत धरलेला होता. प्रत्येक घाव वर्मावर घालणारा, प्रत्येक झेप वेळेवर चुकवणारा, कधीही न पडणारा. तसे हात आहेत, त्यांच्या चित्रफिती बघताना तोंडात बोट जातं. त्यांनी आपल्या हातांचा हिशेब प्रामाणिकपणे मांडला. मी तो उचलताना हात मात्र माझेच ठेवले.

अर्धा उजेड

याच्या उलट टोकाचा मोहही धोक्याचा आहे. 'मी मजेसाठी खेळतो, मला आकडे सांगू नका' म्हणत हिरव्या धारेची तलवार घेऊन पायाला खाजवत बसणारा शिकारीही चौघांच्या टोळीत ओझंच असतो. टोळीत जनावराची ताकद वाढलेली असते, ती सगळ्यांनी मिळून उतरवायची असते. ऑक्टोबर 2020मध्ये आलेल्या फॅटालिसला मारायला तर तीसच मिनिटं मिळतात. एरवी बहुतेक शिकारींना पन्नास असतात. तिथे हिशेबाला पाठ फिरवून चालत नाही. डॅमेज मोजायचंच, फक्त त्याच्याखाली वेळ लिहायचा आणि वेळेखाली आपलं नाव.

पीसीवर चाहत्यांनी बनवलेली काही साधनं टोळीतल्या प्रत्येकाचं डॅमेज टक्क्यांत दाखवतात. चौघांची क्रमवारी पडद्याच्या कोपऱ्यात सतत चालू. ती लावून मी काही दिवस खेळलो आणि माझं जनावराकडचं लक्ष उडालं. कुणी बाजा वाजवून सगळ्यांची ताकद वाढवत होतं, कुणी सापळा लावत होतं, कुणी आपल्या वाटची औषधी पूड उधळून मला वाचवत होतं. यातलं काहीच त्या टक्क्यांत दिसत नव्हतं. वर्गातल्या पहिल्या नंबरासारखी ती यादी. खरी असते, आणि वर्गाबद्दल फार थोडं सांगते.

कॅपकॉमने एक गोष्ट मात्र शहाणपणाने झाकून ठेवली. घावाचा आकडा दाखवला, पण जनावराची उरलेली तब्येत दाखवली नाही. किती बाकी आहे हे कळायला त्याच्याकडेच बघावं लागतं. ते लंगडायला लागतं, लाळ गाळतं, लढाई सोडून आपल्या गुहेकडे चालू लागतं. तुमच्या हिशेबातली जमेची बाजू स्पष्ट आहे, एकूण किती हवं ते अंधारात. या अर्ध्या उजेडामुळेच 'वर्ल्ड' माझ्या लेखी मोठा गेम आहे. तो मोजू देतो, पण मोजणाऱ्याला मान वर करून बघायला भाग पाडतो.

मी आता हेल्थ बूस्टच्या तीन पायऱ्या घालून खेळतो. वीकनेस एक्स्प्लॉइट ठेवलंय, अटॅक बूस्ट उरल्या जागेत. कोणत्याही कोष्टकात ही बिल्ड पहिल्या पानावर येणार नाही. मध्यंतरी पुन्हा एक एसओएस फ्लेअर दिसला. नर्गिगांटेच होता. आत एकटाच शिकारी, दोन जीव आधीच गेलेले, तिसरा शेवटचा. त्याची तब्येत 150, अंगावर मी तेव्हा घातलेलं तेच चिलखत, तीच तलवार.

काटे काळे पडायला लागले होते. जनावर हवेत उठलं. मी त्याच्या आणि नर्गिगांटेच्या मधे तलवार आडवी धरून उभा राहिलो आणि झेप अंगावर घेतली. दोनशेतले जेमतेम चाळीस उरले. डॅमेज शून्य. पण तोवर तो उठून डोक्याच्या बाजूला पोचला होता, आणि तिथून एक भलामोठा केशरी आकडा उडाला.